नाव एक, कागद चार : पासपोर्ट का अडतो?

आजचा भाग पासपोर्टवर आहे आणि सुरुवात घरच्याच फजितीने करतो.

आमचं लग्न 1986 चं. ताटातल्या तांदळावर अंगठीने मी बायकोचं नवं नाव लिहिलं. खरी नावं सांगत नाही. समजा, माहेरची कुमुद सासरी सुनीता झाली. पेढे वाटले, पण कागदोपत्री कुणी काही केलं नाही. शाळेच्या दाखल्यावर कुमुदच राहिली. माझ्या युनिटने पार्ट टू ऑर्डरमध्ये सुनीता नोंदवली, पुढे मतदार ओळखपत्र आणि आधारही सुनीताच्या नावाने निघालं. तीस वर्षं कुठे अडलं नाही.

2014 मध्ये मुलीचं परदेशात बाळंतपण होतं. पासपोर्ट सेवा केंद्रात ए काउंटरवर कागद स्कॅन झाले. बी काउंटरवरच्या अधिकाऱ्याने दाखला आणि ओळखपत्र शेजारी शेजारी ठेवलं आणि अर्ज तिथेच थांबला. मी आवाज चढवला, हे कबूल करतो. पण चूक त्याची नव्हती. कुमुद आणि सुनीता ही एकच बाई, हे त्याने कशावरून मानायचं?

मग प्रतिज्ञापत्र, दोन दैनिकांत जाहिरात, राजपत्रात नोंद, पुन्हा अपॉइंटमेंट. आम्ही पोहोचलो तेव्हा नात सहा आठवड्यांची झाली होती. ते तांदळाचं ताट बायको मला अजून ऐकवते.

आपल्या लोकांचं हे दुखणं थोडं वेगळं आहे. महाराष्ट्रातल्या शाळेत आडनाव आधी, मग नाव, मग वडिलांचं नाव. बडोद्यातल्या मराठी माणसाच्या नावाला 'भाई' नाहीतर 'बेन' चिकटतं. हैदराबाद, बंगळूरकडे आडनावाचं आद्याक्षर होऊन पुढे जाऊन बसतं. इंदूरला वडिलांचं नाव गळतं. शिवाय इंग्रजी स्पेलिंग : लक्ष्मी कुठे एक्स घालून, कुठे के-एस-एच घालून, दीपक कुठे डबल ई, कुठे नुसता आय. कारकून ऐकेल तसं लिहितो, आपण न वाचता सही करतो.

पासपोर्टच्या फॉर्मवर रकाने दोनच : दिलेलं नाव आणि आडनाव. वडिलांचं नाव लिहायचंच असेल तर ते पहिल्या रकान्यात जातं. मग विमानाच्या तिकिटावरही तसंच हवं. आडनावाचा रकाना रिकामा ठेवू नका. एकच नाव असलेल्या पासपोर्टवर संयुक्त अरब अमिराती नोव्हेंबर 2022 पासून पर्यटक व्हिसावर प्रवेश देत नाही.

जन्मतारखेच्या पुराव्याचे नियम डिसेंबर 2016 मध्ये सैल झाले. आधार, पॅन, ड्रायव्हिंग लायसन्सही चालू लागलं. मात्र 1 ऑक्टोबर 2023 किंवा त्यानंतर जन्मलेल्या बाळांना जन्मदाखलाच लागतो. नातवंडांच्या जन्मदाखल्यावरचं स्पेलिंग आजच तपासा.

दुरुस्ती कुठून सुरू करायची? माझं मत : जो कागद बदलायला सगळ्यात अवघड, तो पाया धरा. बहुधा तो शाळेचा दाखला किंवा जन्मदाखला असतो. बाकीचे त्याच्याशी जुळवा. आधारवरचं नाव आयुष्यात दोनदाच बदलता येतं, तेव्हा आधी स्पेलिंग पक्कं करा, मगच केंद्रावर जा. नावच बदललं असेल, आमच्यासारखं, तर राजपत्राला फाटा देऊ नका. एजंट 'साहेब, होऊन जाईल' म्हणतो. अर्ज अडला की फोन उचलत नाही. आणि फॉर्ममध्ये पूर्वीचं नाव विचारलेलं असतं, ते लपवू नका. माहिती दडवून पासपोर्ट घेणं हा पासपोर्ट कायदा 1967 खाली गुन्हा आहे.

माजी सैनिकांनो, एक वेगळं सांगतो. पेन्शनच्या पीपीओवर पत्नीचं नाव काय लिहिलंय ते आज कपाटातून काढून बघा. आधारशी जुळत नसेल तर आपण हयात असतानाच रेकॉर्ड ऑफिसला लिहा, पार्ट टू ऑर्डर काढून घ्या. पासपोर्ट अडला तर प्रवास लांबतो. कुटुंब निवृत्तिवेतन अडलं तर विधवा बाईला एकटीला हेलपाटे घालावे लागतात. माझ्या युनिटमधल्या दोघींचे मी पाहिलेत.

पोलीस पडताळणीबद्दल पुढच्या भागात. जय हिंद.