निर्दोष सुटल्यावर वरच्या कोर्टात काय होते?

खुनाच्या खटल्यात आरोपी सुटले की मयताच्या घरी पहिला प्रश्न येतो, 'आता वरच्या कोर्टात जायचं ना?' जाता येते. पण तिथे साक्षीदार सहसा पुन्हा पिंजऱ्यात उभा राहत नाही. न्यायमूर्तींसमोर असतो तो त्याच्या साक्षीचा कागद.

हा कागद तयार होतो सत्र न्यायालयात. साक्षीदार आपल्या बोलीत, अडखळत सांगतो. त्याच्या उत्तरांचे सलग निवेदन करून न्यायाधीश ते टंकलेखकाला सांगतात. उलटतपासात वकील पोलीस जबाब पुढे करतात : कुऱ्हाड पाहिल्याचे यात कुठे आहे? तो जबाब साक्षीदाराने लिहिलेला नसतो आणि कायद्याप्रमाणे त्यावर त्याची सहीही घेत नाहीत. मग आपल्याकडच्या कोर्टांत नेहमी ऐकू येणारे वाक्य नोंदले जाते : 'माझ्या जबाबात तसे का लिहिले नाही, याचे कारण मी सांगू शकत नाही.' हे बोलताना तो गोंधळला होता की त्याचा बनाव उघडा पडला होता, हे त्या वाक्यावरून कळत नाही. साक्षीदाराच्या वागण्याबद्दल शेरा लिहून ठेवण्याची तरतूद जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम 280 मध्ये होती, नव्या संहितेतही आहे. न्यायाधीशांनी ती मनापासून वापरायला हवी.

या कागदाची मर्यादा ओळखूनच प्रिव्ही कौन्सिलने 1934 मध्ये शिव स्वरूप खटल्यात दंडक घातला. उच्च न्यायालयाने सगळा पुरावा नव्याने तपासावा, तो अधिकार पुरेपूर आहे. मात्र साक्षीदाराला डोळ्यांनी पाहिलेल्या न्यायाधीशाच्या मताला वजन द्यावे. 2007 च्या चंद्रप्पा निकालात सर्वोच्च न्यायालयाने तेच सूत्र पुढे नेले. सुटकेमुळे आरोपीच्या निर्दोषत्वाचे गृहीतक अधिक बळकट होते, आणि पुराव्यावरून दोन वाजवी मते निघत असतील तर सुटका कायम राहते.

मला हे योग्यच वाटते. तरीही सुटका म्हणजे दगडावरची रेघ नव्हे. शिवाजी बोबडे खटल्यात सत्र न्यायालयाने सोडलेल्यांना मुंबई उच्च न्यायालयाने दोषी ठरवले. 1973 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ते मान्य केले. बारीकसारीक शंकांपायी गुन्हेगार सुटत राहिले तर तोही अन्यायच, असे न्या. कृष्ण अय्यर यांनी तेव्हा बजावले.

कोणती शंका बारीक, हाच खरा झगडा. साक्षीदार किती, याला कायद्यात महत्त्व नाही. एकाच्या साक्षीवरही शिक्षा होऊ शकते. 1957 च्या वडिवेलू तेवर निकालाने साक्षीदारांचे तीन प्रकार सांगितले : पूर्ण भरवशाचा, अजिबात भरवशाचा नसलेला आणि अधलामधला. अडचण होते ती या तिसऱ्याची. तिथे दुसऱ्या पुराव्याचा आधार शोधावा लागतो. वेळ, अंतर, कोण आधी धावले, यांत माणूस चुकतोच. पण वार कोणी केला हेच पोलिसांना सांगितले नसेल आणि ते पहिल्यांदा कोर्टात येत असेल, तर ती तफावत साक्षीच्या मुळावर येते.

सरकार अपिलात गेले नाही तरी 2009 च्या दुरुस्तीपासून पीडिताला, म्हणजे खुनाच्या खटल्यात मयताच्या वारसांना, स्वतः अपील करता येते. त्यासाठी उच्च न्यायालयाची आधी परवानगी लागत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 2018 मध्ये स्पष्ट केले. म्हणून निकालाची प्रमाणित प्रत लगेच मागा. वकील परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे जा. महिलांना, मुलांना आणि अनुसूचित जाती-जमातींना तिथे उत्पन्नाची अट नाही. आणि 'आरोपीच दोषी आहेत' एवढ्यावर भागवू नका. कोणत्या साक्षीतला कोणता भाग न्यायाधीशांनी विचारातच घेतला नाही, ते अपिलात बोट ठेवून दाखवा.