भुयार दर वेळी नवे

श्रोतेहो, संगणकावरच्या एका जुन्या खेळाचं नाव आहे 'रोग'. आपल्या दुखण्याखुपण्याशी त्याचा संबंध नाही बरं का. इंग्रजीत या शब्दाचा अर्थ भामटा. अमेरिकेत कॅलिफोर्निया विद्यापीठात शिकणाऱ्या मायकेल टॉय आणि ग्लेन विचमन या दोघांनी १९८० च्या सुमारास तो रचला. पुढे केन अर्नोल्ड त्यांना येऊन मिळाला.

त्याआधीच्या साहसखेळांत कोडं एकदा सुटलं की गोडी संपे. रचणाऱ्याला तर सगळं आधीच ठाऊक! या दोघांना स्वतःलाही चकवील असा खेळ हवा होता. म्हणून त्यांनी भुयाराचा नकाशा काढलाच नाही. नकाशा काढण्याचे नियम तेवढे यंत्राला दिले. प्रत्येक मजल्याचे नऊ चौकोन पाडायचे, त्यांत लहानमोठ्या खोल्या मांडायच्या, त्या बोळांनी जोडायच्या. कुठं काय येणार, ते दर वेळी जणू फासे टाकून ठरे.

चित्रं नव्हतीच. ई-मेलच्या पत्त्यात असतं ते 'ॲट'चं चिन्ह म्हणजे आपला वीर, आणि इंग्रजी मोठी अक्षरं म्हणजे राक्षस व श्वापदं. सव्विसाव्या मजल्यापर्यंत खाली उतरायचं, तिथला ताईत घेऊन परत वर यायचं. वाटेत भूक लागते, तेव्हा रेंगाळूनही चालत नाही. रंगीत औषधं सापडतात. पण आज निळ्यानं जखम भरली, तर पुढच्या खेळात निळंच आंधळं करील. बहुधा पिऊनच पाहावं लागतं.

आणि वीर मेला की मेला. खेळ मध्येच राखून ठेवता येई. मात्र पुन्हा उघडताच ती प्रत पुसली जाई. हा नियम कित्येकांना निर्दय वाटतो. पण मागं फिरता आलं असतं, तर सगळी औषधं कुणीही बेधडक पिऊन पाहिली असती. मग विचार कशाला करायचा? शिक्षकमित्रांच्या ध्यानात येईल की इथं पाठांतर कामाचं नाही. मागच्या वेळची वाट आज नसतेच. नियम मात्र तेच असतात.

बर्कलीच्या युनिक्स प्रणालीबरोबर हा खेळ विद्यापीठांतून पसरला. पुढं या घडणीच्या खेळांना 'रोगलाइक', म्हणजे रोगसारखे, असं नावच पडलं. १९९६ च्या गाजलेल्या 'डायब्लो'तली बदलती भुयारं याच घराण्यातली. १९८७ च्या 'नेटहॅक'मध्ये तर मूळच्या अक्षरांच्या रूपात वीर म्हणजे अजूनही तेच 'ॲट'चं चिन्ह आहे.