पाठमोरी रांग आणि तिच्यामागची माणसे

'घाशीराम कोतवाल' या नाटकाचा भूगोल पायी फिरून येण्याएवढाच आहे. पुण्याच्या मंडईतून निघावे, तुळशीबाग ओलांडून लक्ष्मी रस्त्याला लागावे, की थोड्याच अंतरावर बेलबाग. नाना फडणवीसांनी बांधलेले हे विष्णूचे देऊळ. तिथून सरळ चालत गेले की शनिवारवाडा. नाटकातले ब्राह्मण रात्रीच्या अंधारात ज्या बावनखणीकडे निघतात, ती पेशवाईतली गणिकांची वस्ती याच पेठांमधली. आणि हे नाटक १६ डिसेंबर १९७२ रोजी जिथे पहिल्यांदा झाले, ते सदाशिव पेठेतले भरत नाट्य मंदिरही मंडईपासून चालत जाण्याच्या अंतरावर. ज्या गावाची गोष्ट, त्याच गावात, त्याच गावातल्या माणसांसमोर ती सांगितली गेली. पुढचे रामायण त्यामुळेच घडले.

त्या वेळी दिग्दर्शक तीस वर्षांचे होते. जब्बार पटेल यांचा जन्म २३ जून १९४२ चा, पंढरपूरचा. शाळा सोलापुरात झाली, वैद्यकीय शिक्षण पुण्याच्या बी. जे. मेडिकल कॉलेजात. बालरोगतज्ज्ञ म्हणून त्यांनी दवाखाना थाटला तो दौंडला. पुण्यात ते भालबा केळकरांच्या प्रोग्रेसिव्ह ड्रामॅटिक असोसिएशनमध्ये, म्हणजे पीडीएमध्ये, काम करत. विजय तेंडुलकरांचे 'अशी पाखरे येती' त्यांनी तिथेच बसवले होते. त्यांच्याभोवती जमलेल्या मुलामुलींपैकी कोणाचेही पोट नाटकावर नव्हते. नाना फडणवीस उभा करणारे मोहन आगाशे मानसोपचाराकडे वळलेले डॉक्टर. बाकी कोणी नोकरीत, कोणी शिकत असलेले. या हौशी मंडळींनी पोटापाण्याची सोय दुसरीकडे ठेवली, म्हणूनच तिकीटबारीला न विचारता नाटक निवडण्याची मोकळीक त्यांना मिळाली. पटेलांच्या पुढच्या सगळ्या कामाचा पाया मला इथे दिसतो.

तेंडुलकरांच्या 'घाशीराम'ची कथा थोडक्यात अशी. कनोजचा परदेशी ब्राह्मण घाशीराम सावळदास पुण्यात अपमानित होतो, आपली मुलगी ललितागौरी नानांच्या हवाली करून कोतवाली मिळवतो, शहराला छळतो, आणि नानांना नकोसा झाल्यावर जमावाच्या हाती दिला जातो. इतिहासातला घाशीराम १७९१ मध्ये लोकांच्या दगडांनी मेला. त्याच्यावर मोरोबा कान्होबा यांनी १८६३ मध्येच एक पुस्तक लिहिले होते. तेंडुलकरांनी त्या काळाच्या आधाराने आपल्या काळातल्या सत्तेविषयी लिहिले आणि त्यासाठी कोकणातल्या खेळ्यांचा, दशावताराचा घाट घेतला. कीर्तन, लावणी, अभंग हे सारे एकमेकांत मिसळून टाकले.

या प्रयोगातली एक गोष्ट जवळून पाहण्यासारखी आहे. नाटक सुरू होते तेव्हा धोतर, पगडी, शेंडी असलेले ब्राह्मण प्रेक्षकांकडे तोंड करून एका रांगेत उभे असतात आणि गणपतीच्या नमनावर डोलत असतात. मग रांग वळते. पाठी प्रेक्षकांकडे होतात आणि त्या माणसांची भिंत होते. भिंतीच्या मागे जे चालले आहे ते दिसत नाही, फक्त कळते. हवे तेव्हा एखादा त्यातून बाहेर पडतो, भटजी होतो, शिपाई होतो, पुन्हा रांगेत जाऊन मिसळतो. नाना पोरीमागे लागतात तेव्हा त्याच माणसांची बाग होते. नेपथ्य नाही, पडदा नाही. कृष्णदेव मुळगुंदांची नृत्यरचना, भास्कर चंदावरकरांचे संगीत आणि पाठमोरे उभे राहिलेले समाजाचे प्रतिष्ठित. या रांगेने एक शब्दही न बोलता सांगितले की घाशीराम एकटा घडत नाही. सज्जन माणसे पाठ फिरवून उभी राहतात, तेव्हा तो घडतो. नाटकाचा सारा राजकीय अर्थ मला त्या वळण्यात दिसतो. तो संहितेत होता हे खरे, पण माणसांच्या शरीरांतून दाखवण्याचे काम दिग्दर्शकाचे.

पुण्याला हे झोंबले. नाटक ब्राह्मणद्वेष्टे आहे, नानांची बदनामी करते, अशी ओरड झाली. एकोणीस प्रयोगांनंतर पीडीएच्या अध्यक्षांनी ते थांबवले. मुलांनी संस्था सोडली आणि २७ मार्च १९७३ रोजी थिएटर अकॅडमी स्थापन केली. १९७४ च्या जानेवारीत 'घाशीराम' पुन्हा उभे राहिले. १९८० मध्ये युरोपचे निमंत्रण आले तेव्हा विरोध पुन्हा उसळला, प्रकरण न्यायालयात गेले, आणि हे नाटक म्हणजे इतिहास नव्हे असे निवेदन प्रयोगाआधी वाचायचे ठरले. बर्लिनसह युरोपात नाटक झाले. ते निवेदन लागले याचे मला दुःख वाटते. कीर्तनकाराच्या आख्यानाला इतिहास समजण्याची चूक या मातीतल्या प्रेक्षकाने पूर्वी कधी केली नव्हती.

आता सिनेमाकडे. मंडईलगत आर्यन सिनेमा होता. गंगाधरपंत पाठकांनी १९१५ मध्ये सुरू केलेले पुण्यातले हे पहिले कायमचे चित्रपटगृह १९८३ मध्ये बंद पडले, आणि त्या जागी पुढे वाहनतळ झाला. लक्ष्मी रस्त्यापलीकडे गणेश पेठेत आर्यभूषण, तमाशाचे थिएटर. एका हाकेच्या टापूत भाजी, देव, तमाशा आणि सिनेमा. शिवाय मंडई विद्यापीठ म्हणून पुणेकर जिचे कौतुक करतात ती राजकारणाची जाहीर चर्चा. असा प्रेक्षक गाणे आणि राजकारण वेगवेगळ्या ताटांत वाढून मागत नाही. इकडे प्रभात स्टुडिओच्या आवारात १९६० पासून फिल्म इन्स्टिट्यूट होती. चंदावरकर तिथे शिकवत आणि संध्याकाळी नाटकवाल्यांत येत. नाटक आणि नवा सिनेमा यांचा पुण्यातला सांधा म्हणजे हा माणूस, असे मला वाटते.

पटेलांचा पहिला चित्रपट 'सामना' १९७५ चा. पैसा उभा केला तो रामदास फुटाणे या चित्रकला शिक्षकाने, पटकथा तेंडुलकरांची, संगीत चंदावरकरांचे. आरती प्रभूंच्या गीताला आवाज होता 'घाशीराम'मध्ये गाणाऱ्या रवींद्र साठ्यांचा. नाटकातले अर्धे बिऱ्हाड असे पडद्यावर आले. साखर कारखान्याच्या जोरावर गावाचा मालक झालेला हिंदुराव धोंडे पाटील म्हणजे निळू फुले, आणि गावात येऊन पडलेला दारुडा मास्तर म्हणजे श्रीराम लागू. मारुती कांबळे नावाच्या नाहीशा झालेल्या माणसाचा प्रश्न मास्तर सोडत नाही. कोतवालाच्या जागी चेअरमन आला, पेठेच्या जागी गाव आले, पाठ फिरवून उभी राहणारी माणसे तीच राहिली. स्टुडिओचे बळ नसलेला हा चित्रपट त्याच वर्षी बर्लिनच्या महोत्सवात स्पर्धेत होता.

निळू फुल्यांविषयी थोडे जास्त सांगितले पाहिजे. ते पुण्याचेच. तरुणपणी वैद्यकीय महाविद्यालयात माळीकाम केले, राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकात घडले, लोकनाट्ये गाजवली. वगातला नट प्रेक्षकाच्या डोळ्यांत पाहून बोलतो. ती सवय त्यांनी कॅमेऱ्यापुढे गिळून टाकली आणि नुसत्या पापण्यांवर पाटील उभा केला. पुढे 'सिंहासन'मध्ये (१९७९) पटेलांनी त्यांनाच सत्तेच्या दुसऱ्या टोकाला नेले. तिथे ते पत्रकार दिगू टिपणीस आहेत, सगळे पाहणारे आणि काहीच न करू शकणारे. अरुण साधूंच्या 'मुंबई दिनांक' आणि 'सिंहासन' या दोन कादंबऱ्यांवरचा हा चित्रपट मुख्यमंत्र्याच्या खुर्चीभोवती फिरतो, पण शेवटी आपल्या लक्षात राहते ते दिगूचे वेड्यासारखे हसणे. राजकारणावरचा इतका जाणता मराठी चित्रपट त्यानंतर झालेला नाही, असे मी निःशंकपणे म्हणेन.

मधल्या काळात, १९७७ मध्ये, 'जैत रे जैत' झाला. गो. नी. दांडेकरांची कादंबरी, ना. धों. महानोरांची गाणी, हृदयनाथ मंगेशकरांचे संगीत. ठाकर समाजातला नाग्या मधमाश्यांच्या राणीशी वैर धरतो, एवढीच गोष्ट. पण ती जवळजवळ सगळी गाण्यांतून आणि ढोलाच्या ठेक्यातून पुढे सरकते. पात्रे गाण्यासाठी थांबत नाहीत, गाणी म्हणत जगतात. 'घाशीराम'च्या दिग्दर्शकाला हे जमले यात नवल नाही.

पुढच्याच वर्षी, १९७८ मध्ये, ते रंगमंचावर परतले ते 'तीन पैशाचा तमाशा' घेऊन. ब्रेश्टचे मूळ संगीतनाटक १९२८ चे, बर्लिनचे; मराठी रूप पु. ल. देशपांडे यांचे. संगीताला चंदावरकरांच्या जोडीला आनंद मोडक आणि नंदू भेंडे. भेंडे रॉक गाणारे, मुंबईच्या इंग्रजी रंगभूमीवर गाजलेले. त्यांच्याकडे गुंडाची मुख्य भूमिका. माधुरी पुरंदरे, चंद्रकांत काळे गाणाऱ्यांत. नाट्यसंगीताचा कान असलेल्या प्रेक्षकासमोर लावणीच्या शेजारी रॉक ठेवणे हे धाडस होते. आपले संगीत नाटक रागदारीत अडकून आटले होते. त्याला पुन्हा रस्त्यावरचा आवाज मिळाला. १९८५ मध्ये अरुण साधूंचे 'पडघम' मोडकांच्या संगीतासह पटेलांनी केले. त्यानंतर त्यांचे वजन सिनेमाकडे झुकत गेले. याची मला हळहळ वाटते, कारण समूहाला गाते ठेवून हलवणारा असा दुसरा दिग्दर्शक मराठी रंगभूमीला फार क्वचित मिळाला.

'उंबरठा' (१९८२) स्मिता पाटीलमुळे, आणि 'मुक्ता' (१९९४) जातीच्या प्रश्नामुळे लोकांना ठाऊक आहे. इथे त्यांचा नुसता उल्लेख पुरे. 'डॉ. बाबासाहेब आंबेडकर' (२०००) मात्र थांबून पाहावा असा. एनएफडीसीचा हा इंग्रजी चित्रपट, मामुट्टी यांना त्यासाठी राष्ट्रीय पारितोषिक मिळाले. मंडईच्या संदर्भात इथे एक धागा जुळतो. १८८६ मध्ये रे मार्केट म्हणून उघडलेल्या या इमारतीवरच्या खर्चाला नगरपालिकेचे सदस्य असताना, आंबेडकरांनी ज्यांना गुरू मानले त्या जोतीराव फुल्यांनी विरोध केला होता, आणि पुढे तिला फुल्यांचे नाव मिळाले ते आचार्य अत्र्यांच्या पुढाकाराने. त्याच नाटककार अत्र्यांनी 'महात्मा फुले' हा चित्रपटही काढला. नाटकातून सिनेमात आणि सिनेमातून समाजाच्या जुन्या हिशेबांकडे, ही वाट पटेलांच्या आधी अत्रे चालून गेले होते.

माझ्या मते पटेलांच्या दोन्ही वाटा जिथे मिळतात तो चित्रपट 'एक होता विदूषक', १९९२ चा. एनएफडीसीची निर्मिती, पटकथा पु. लं.ची, गाणी महानोरांची, संगीत मोडकांचे. तमाशातल्या बाईचा मुलगा आबुराव फडावर लोकांना हसवतो, मग सिनेमात नट होतो, मग राजकारणाच्या कामी येतो. लक्ष्मीकांत बेर्डे यांना लोक हसण्यासाठी पाहायचे. पटेलांनी त्यांच्याकडून हसवणाऱ्या माणसाची फरपट उभी करून घेतली, आणि बेर्डे यांनी ती मन लावून साकारली. नृत्यदिग्दर्शनाचे राष्ट्रीय पारितोषिक लक्ष्मीबाई कोल्हापूरकरांना मिळाले. फडावर आयुष्य काढलेल्या बाईच्या अदाकारीला देशाने असा मान द्यावा, ही मला त्या चित्रपटाची सर्वांत मोठी मिळकत वाटते. सत्तेभोवती जमणारी माणसे, ढोलकी आणि कॅमेरा हे तिन्ही इथे एका गोष्टीत आहेत.

आज 'सामना' आणि 'सिंहासन' यांची नावे लगेच घेतली जातात. 'विदूषक' मागे राहिला, कारण बेर्डे यांचा विनोदी चित्रपट समजून गेलेल्यांना तो जड गेला आणि गंभीर सिनेमावाल्यांना बेर्डे नको होते. २०२४ च्या जानेवारीत पिंपरी-चिंचवडला शंभरावे नाट्यसंमेलन पटेलांच्या अध्यक्षतेखाली झाले. तो मान योग्यच होता. पण वाचकांना माझी विनंती एवढीच आहे की या दिवाळीत घरातल्या तरुण मुलांना शेजारी बसवून 'एक होता विदूषक' पाहा, आणि तो पाहून झाल्यावर मगच 'सिंहासन' लावा.