पडेल ते काम करणारा नट

गुढीपाडव्याच्या सुमारास नारायणगावात तमाशा फडांच्या राहुट्या लागतात. लोणी-धामणीकडच्या गावांचे पंच यात्रेची सुपारी ठरवायला तिथंच जातात. लहान फडात दिवसा कनात ठोकायला हात लावणारा गडी रात्री वगात शिपाई म्हणून उभा राहतो, आणि त्यात कुणाला नवल वाटत नाही. मराठी सिनेमाही सुरुवातीला असाच चालला. त्यातून तयार झालेला सर्वांत मोठा माणूस म्हणजे व्ही. शांताराम.

शांताराम राजाराम वणकुद्रे यांचा जन्म १८ नोव्हेंबर १९०१ चा. थोडे दिवस गंधर्व नाटक मंडळीत काढले, मग हुबळीला रेल्वेच्या कारखान्यात आणि तिथल्या सिनेमागृहात पोटापाण्याची कामं केली. १९२० मध्ये मावसभाऊ बाबूराव पेंढारकरांमुळे ते कोल्हापूरच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत आले. मालक बाबूराव पेंटर स्वतः चित्रकार आणि हाताने कॅमेरा घडवलेले कारागीर. त्यांच्या कंपनीत ‘माझं काम एवढंच’ म्हणायची सोय नव्हती. शांताराम सेटवर राबले, फिल्म धुण्याची आणि जोडण्याची कामं शिकले, दिग्दर्शनात पेंटरांच्या हाताखाली वावरले आणि गरज पडेल तेव्हा तोंडाला रंगही लावला.

‘सुरेखाहरण’ (१९२१) मध्ये ते पडद्यावर आले. ‘सिंहगड’ (१९२३) मध्ये ऐन विशीतल्या या पोराने म्हातारा शेलारमामा उभा केला. रात्रीच्या प्रसंगांसाठी पेंटरांनी त्या चित्रपटात कृत्रिम प्रकाश वापरला. आपल्याकडे तो प्रयोग नवा होता. दिव्यासमोर उभं राहायचं आणि दिव्यामागचं कामही जाणायचं, असं दुहेरी शिक्षण शांतारामांना तिथं मिळालं.

१९२५ चा ‘सावकारी पाश’ ना. ह. आपट्यांच्या कथेवरचा. जमीन सावकाराच्या घशात गेलेला तरुण शेतकरी शांतारामांनी केला. हा विषय आपल्या जुन्नर-आंबेगावच्या मुलखाला परका नव्हता. १८७५ च्या मे महिन्यात सुप्याला सुरू झालेला सावकारांविरुद्धचा उठाव आंबेगावच्या शेजारच्या शिरूर तालुक्यापर्यंत पोचला होता. जमावाने कर्जरोखे हिसकावून जाळले होते. पौराणिक वैभवाला सरावलेल्या प्रेक्षकांना पेंटरांनी या चित्रपटात एक मोडकी झोपडी आणि तिच्यापाशी अंधारात रडणारं कुत्रं दाखवलं. मूकपटातलं ते रडणं जुने जाणकार पुढे अनेक वर्षं सांगत राहिले.

१९२७ च्या ‘नेताजी पालकर’पासून शांताराम दिग्दर्शक झाले. १ जून १९२९ रोजी दामले, फत्तेलाल, धायबर आणि सीतारामपंत कुलकर्णी यांच्यासह त्यांनी ‘प्रभात फिल्म कंपनी’ काढली. १९३३ मध्ये ‘प्रभात’ पुण्याला आली. पुढे त्याच स्टुडिओत गुरुदत्त नावाचा मुलगा विश्राम बेडेकरांच्या ‘लाखारानी’त (१९४५) छोटी भूमिका आणि सहायकाचं काम एकदमच करत होता.

हीच वाट आफ्रिकेच्या पश्चिमेलाही होती. नायजरचा उमारू गांदा इंडोचायनाच्या युद्धात फ्रेंच फौजेकडून लढला आणि मग आबिजानच्या गोदीत हमाली करू लागला. झाँ रूश या फ्रेंच दिग्दर्शकाने १९५८ च्या ‘म्वा, अँ न्वार’मध्ये त्याला मुख्य भूमिका दिली. चित्रण मूक होतं. नंतर पडद्याकडे बघत गांदा स्वतःच्या मनाने बोलला, तेच निवेदन ठरलं. पण रूशने रंगवलेला ‘आपण’ त्याला पुरता पटला नव्हता. मायदेशी नियामेला परतून तो तंत्र शिकला, आणि ‘काबास्काबो’मध्ये युद्धावरून परतलेल्या सैनिकाची कथा झारमा भाषेत त्याने स्वतःच दिग्दर्शित केली, भूमिकाही स्वतःच केली. १९७२ मध्ये वागादुगूच्या चित्रपट महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार त्याच्या दुसऱ्या चित्रपटाला मिळाला.

शांताराम आणि गांदा, दोघांनाही चित्रपटाच्या शाळेत जायला मिळालं नाही. कॅमेऱ्याच्या दोन्ही बाजूंना राबायला मिळालं, हीच त्यांची शाळा. आज सहायकाला फक्त धावपळ आणि नटाला फक्त संवाद देणाऱ्या निर्मात्यांनी हे ध्यानात घ्यावं.

१९२५ चा ‘सावकारी पाश’ आता पाहायला मिळत नाही. त्यातला शेतकरी उरला तो छायाचित्रांत आणि आठवणींत. म्हणून जुन्नर-आंबेगावच्या वाचकांना एक विनंती. तुमच्या माळ्यावर फडाचं किंवा सिनेमाचं एखादं जुनं हँडबिल, एखादा फोटो असेल तर रद्दीत घालू नका. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला ते दाखवा. फोटोमागे त्यातल्या माणसाचं नाव आणि साल लिहा, आणि तो माणूस तिथं काय काय काम करत होता, तेही लिहा.