एका चौरस इंचात दहा एकर

चौरस इंच म्हणजे केवढी जागा? टपालाच्या लहानशा तिकिटाएवढी. पण आपल्याकडच्या अनेक जुन्या गावनकाशांवर तेवढ्याच जागेत दहा एकर रान मावतं, आणि तेही अगदी बरोबर दहा! ही किमया मला पहिल्यांदा उमगली, तेव्हा मी कितीतरी वेळ त्या नकाशाकडे नुसता बघत राहिलो.

किल्ली नकाशाच्या कडेलाच लिहिलेली असते : १ इंच = २० साखळ्या. ही साखळी म्हणजे शेतं मोजायची लोखंडी साखळी, लांबी ३३ फूट. पूर्वी रुपयाला जसे १६ आणे असत, तसे तिलाही १६ आणे. एक आणा दोन फुटांहून किंचित मोठा. १८३५-३६ मध्ये गोल्डस्मिड आणि विंगेट या ब्रिटिश अधिकाऱ्यांनी इंदापूर तालुक्यात नव्या मोजणी-आकारणीला हात घातला आणि पुढे मुंबई इलाख्यात गावोगाव सर्व्हे नंबर पडले. काटकोन साधायचा शंकू आणि ही साखळी घेऊन माणसं रानोमाळ फिरली.

पण ३३ फूटच का? साखळीभर लांब आणि साखळीभर रुंद चौकोन आखा. ३३ गुणिले ३३, म्हणजे १०८९ चौरस फूट. हाच आपला गुंठा! असे ४० गुंठे म्हणजे ४३,५६० चौरस फूट, म्हणजेच एक एकर. लांबी-रुंदी साखळ्यांत मोजली की गुणाकाराचं उत्तर थेट गुंठ्यांतच येतं.

आता नकाशाकडे वळू. तिथला एक इंच म्हणजे २० साखळ्या, तर एक चौरस इंच म्हणजे २० गुणिले २०, म्हणजे ४०० गुंठे. झाले दहा एकर! इथे एक गोष्ट मात्र मनात पक्की करायला हवी. अर्धा इंच लांब आणि अर्धा इंच रुंद तुकडा पाच एकरांचा नसतो, अडीच एकरांचा असतो. लांबी निम्मी झाली की क्षेत्र चौथाईवर येतं, कारण प्रमाण दोन्ही बाजूंना लागतं.

शेत वेडंवाकडं असलं तरी अडत नाही. त्याचे त्रिकोण पाडायचे. समजा, एका त्रिकोणाचा पाया नकाशावर ०.६ इंच आणि उंची ०.४ इंच भरली. जमिनीवर त्या झाल्या १२ आणि ८ साखळ्या. त्यांचा गुणाकार ९६, त्याचं निम्मं ४८ गुंठे, म्हणजे १ एकर ८ गुंठे. सगळे त्रिकोण असे मोजून बेरीज केली की घरबसल्या शेताचं क्षेत्र हाती येतं, चिखलात पाय न घालता.

नकाशाची झेरॉक्स काढली तर? प्रत ९० टक्के आकाराची निघाली, तर दहा एकरांचा तुकडा फुटपट्टीने मोजताना ८.१ एकरच भरतो. जवळजवळ दोन एकर रान कागदावरच गडप! म्हणून जाणकार माणूस लिहिलेल्या आकड्यापेक्षा नकाशावर आखलेल्या मापपट्टीवर विसंबतो. कागद आक्रसला किंवा प्रत लहान झाली, तर तीही त्याच प्रमाणात लहान होते आणि खरं तेच सांगत राहते.

एवढ्या गुणी नकाशालाही मर्यादा आहे. या प्रमाणात पेन्सिलीची इंचाच्या शंभराव्या भागाएवढी बारीक रेघसुद्धा जमिनीवर साडेसहा फूट रुंद होते. शेत केवढं आहे, हे गावनकाशा छान सांगतो. बांध नेमका कुठे, हे त्यावर फुटपट्टी ठेवून ठरत नाही. त्यासाठी रीतसर मोजणीच करून घ्यावी लागते.

गावचा नकाशा हाती आला की आपला सर्व्हे नंबर शोधण्याआधी कडेचं प्रमाण वाचा. त्या एका ओळीवाचून नकाशा म्हणजे नुसतं चित्र आहे.