आप्तवाक्य आणि दुय्यम नट : व्हिट बिसेल यांच्या भूमिकांचा विचार

ऐकलेल्या वाक्यावर श्रोत्याने विश्वास का ठेवावा, हा प्रश्न भारतीय प्रमाणशास्त्राला नवा नाही. नैयायिकांनी शब्द हे प्रमाण मानले खरे. परंतु तो शब्द आप्ताचा असला पाहिजे, अशी अट घातली. विषय यथार्थ जाणणारा आणि जाणले तसेच सांगणारा, तो आप्त. या अटीचे एक अनपेक्षित उदाहरण १९५० नंतरच्या दशकातील अमेरिकन अल्पखर्ची विज्ञानकथापटांत आढळते. तेथे आप्ताचे काम दुय्यम नटाकडे असे, आणि व्हिट बिसेल (१९०९–१९९६) हे त्या वर्गाचे ठळक प्रतिनिधी होत.

या योजनेचे मूळ आर्थिक आहे. अक्राळविक्राळ प्राणी किंवा परग्रहावरील यान पडद्यावर उभे करण्यास पैसा लागे. प्रयोगशाळेच्या कोटातील मनुष्याने त्याविषयी चार वाक्ये बोलण्यास फारसा खर्च येत नसे. सबब जे दाखविणे परवडत नसे, ते सांगितले जाई. हे सांगणे नायकाच्या तोंडी शोभत नसे, कारण तो प्रसंगात गुंतलेला, भयभीत किंवा प्रेमासक्त असे. सांगणारा तटस्थ, जाणता आणि काहीसा रुक्ष हवा.

बिसेल यांच्या ठिकाणी हे गुण होते. न्यूयॉर्कमधील एका शल्यविशारदाचे हे पुत्र. नॉर्थ कॅरोलायना विद्यापीठात शिकत असता ते तेथील नाट्यसंस्थेत आले. पुढे चित्रपटांत त्यांच्या वाट्याला वारंवार डॉक्टर, शास्त्रज्ञ आणि अधिकारी आले. ‘क्रीचर फ्रॉम द ब्लॅक लगून’ (१९५४) मध्ये ते शोधमोहिमेतील एक शास्त्रज्ञ आहेत. संथ उच्चार, पूर्ण केलेली वाक्ये आणि आवाज न चढविण्याची सवय यांमुळे असंभाव्य विधानही त्यांच्या मुखातून वर्गातील व्याख्यानासारखे ऐकू येई.

या सामर्थ्याची दुसरी बाजू १९५७ च्या दोन चित्रपटांत दिसते. ‘आय वॉज अ टीनेज वेअरवुल्फ’ मध्ये त्यांचा डॉक्टर उपचाराच्या मिषाने एका तरुणाला संमोहित करून पशुत्वाकडे ढकलतो. ‘आय वॉज अ टीनेज फ्रँकेन्स्टाइन’ मधील प्राध्यापक आपण घडविलेल्या प्राण्याला बोलण्याची आज्ञा करतो. तुला जीभ आहे हे मला ठाऊक आहे, कारण ती मीच शिवली, असा त्याचा युक्तिवाद असतो. वाक्य हास्यास्पद आहे. पण बिसेल ते हसण्यासाठी उच्चारीत नाहीत. येथे ज्ञान आहे, प्रामाणिकपणा नाही. म्हणजे आप्तत्वाची एक अट पाळली गेली आणि दुसरी मोडली. आवाज मात्र तोच राहतो. अधिकारवाणी आणि सत्य यांत अंतर असू शकते, हे त्या स्वस्त चित्रपटांनी नकळत दाखविले.

त्यांची सर्वांत महत्त्वाची भूमिका मात्र बोलणाऱ्याची नव्हे, ऐकणाऱ्याची आहे. ‘इन्व्हेजन ऑफ द बॉडी स्नॅचर्स’ (१९५६) मध्ये सांता मीरा गावातील माणसांच्या जागी अवकाशातून आलेल्या शेंगांतून निपजलेल्या भावशून्य प्रतिकृती येऊ लागतात. दिग्दर्शक डॉन सीगल यांच्या मूळ योजनेत, हमरस्त्यावर धावणाऱ्या मोटारींपुढे जीव तोडून ओरडणाऱ्या नायकापाशी चित्रपट संपत होता. निर्मितिसंस्थेच्या आग्रहाने आरंभी व अखेरीस रुग्णालयातील प्रसंग जोडण्यात आले. त्यांत नायक आपली हकीकत मानसोपचारतज्ज्ञ डॉ. हिल यांना सांगतो. ते हिल म्हणजे बिसेल.

हकीकत ऐकूनही हिल यांचा विश्वास बसत नाही. तेवढ्यात अपघातात सापडलेल्या एका ट्रकचालकास आणले जाते. विचित्र, प्रचंड शेंगांच्या ढिगाखालून त्याला काढावे लागले, असे रुग्णवाहिकेचा माणूस सहज सांगून जातो. ट्रक कोठून येत होता, असे हिल विचारतात. उत्तर मिळते : सांता मीरा. अपघात प्रेक्षकाला दिसत नाही; दिसतो तो ऐकणाऱ्याचा पालटलेला चेहरा. त्यानंतर हिल रस्ते अडविण्याची आज्ञा देतात. नायकाचे शब्द आरंभापासून खरेच होते. परंतु ज्याच्या हाती अधिकार आहे असा श्रोता लाभेपर्यंत ते वेड्याचे बोल ठरले होते. वचनाचे कार्य वक्त्यापाशी पुरे होत नाही, ते श्रोत्याच्या स्वीकाराने पुरे होते, हा मुद्दा जे. एल. ऑस्टिन यांनी हार्वर्ड येथील व्याख्यानांत मांडला तो १९५५ साली. हा चित्रपट चित्रित झाला तोही त्याच वर्षी.

पुढे ‘द टाइम मशीन’ (१९६०), ‘द टाइम टनेल’ ही दूरचित्रवाणी मालिका (१९६६–६७) आणि ‘सॉयलेंट ग्रीन’ (१९७३) यांत बिसेल अनुक्रमे मित्र, सेनाधिकारी व राज्यपाल झाले. नायक ते क्वचितच होते. ‘बॉडी स्नॅचर्स’च्या श्रेयनामावलीत तर त्यांचे नावही नाही. तथापि त्या कथेतील सत्याला मान्यता मिळते ती त्यांच्या एका प्रश्नामुळे. दुय्यम भूमिका कशाला म्हणावे, याचा निर्णय करताना पडद्यावरील मिनिटे मोजणे पुरेसे नाही. कोणाच्या वाक्यावर इतरांची वाक्ये टेकलेली आहेत, हेही पाहिले पाहिजे.