एकाच मुदतीचा आमदार

निवडणुकीचा विषय निघाला की वसई-विरारच्या नाक्यानाक्यावर एकच हिशेब सुरू होतो. कोण किती वेळा निवडून आला? जितक्या वेळा निवडून आला, तितका तो मोठा. एकदाच निवडून आलेल्याच्या नावामागे ‘माजी’ हा शब्द लागतो आणि लोक त्याला विसरून जातात. हा हिशेब किती अपुरा आहे हे समजून घ्यायचे, तर गोव्याकडे वळायला हवे. गोवा आपल्याला परका नाही. चिमाजी अप्पांनी वसईतला पोर्तुगीज अंमल १७३९ मध्ये संपवला. गोव्यात मात्र तो १९६१ पर्यंत टिकला.

उदय भेंब्रे यांचा जन्म १९३९ सालचा. वडील लक्ष्मीकांत भेंब्रे स्वातंत्र्यसैनिक. पोर्तुगीज सरकारने त्यांना थेट पोर्तुगालच्या तुरुंगात धाडले होते. मुलगा वकील झाला, पण त्याचे नाव घरोघरी पोहोचले ते लेखणीमुळे. गोवा महाराष्ट्रात विलीन करायचा की वेगळा ठेवायचा, यावर १६ जानेवारी १९६७ रोजी जनमत कौल झाला. विलीनीकरणाची खूण होती फूल आणि वेगळेपणाची दोन पाने. मडगावच्या ‘राष्ट्रमत’ दैनिकात भेंब्रे ‘ब्रह्मास्त्र’ हे सदर लिहीत आणि विलीनीकरणाच्या मुद्द्यांचा रोज समाचार घेत. ‘राष्ट्रमत’ मराठी दैनिक होते आणि सदरही मराठीतच होते. महाराष्ट्रात जाऊ नका, हे गोमंतकीयांना मराठीतून पटवले जात होते! दोन पानांना १,७२,१९१ मते पडली, फुलाला १,३८,१७०.

मराठी वाचकाला हा माणूस आपल्या विरुद्ध बाजूचा वाटेल. तसे वाटणे साहजिक आहे. पण वसईकराने थोडे घरात डोकावून पाहावे. आपल्याकडे कुणाच्या घरी सामवेदी बोलतात, कुणाच्या घरी वाडवळी. शाळेत आणि कचेरीत मात्र मराठी. आपण ही सांगड सुखाने घातली. ‘सुवार्ता’चे माजी संपादक फादर फ्रान्सिस दिब्रिटो २०२० च्या उस्मानाबाद संमेलनाचे अध्यक्ष झाले, इतकी ती घट्ट बसली. गोव्यात अनेकांना ती सांगड मान्य नव्हती. घरात जी बोलतो तीच कचेरीतही चालावी, असा त्यांचा आग्रह होता.

१९८४ मध्ये भेंब्रे मडगावातून अपक्ष म्हणून निवडून आले. तीस जणांच्या त्या सभागृहात पाठीशी पक्ष नसलेला माणूस काय करणार? १९८५ च्या जुलैत त्यांनी कोकणीला राजभाषा करण्यासाठी अशासकीय विधेयक आणले. ते फेटाळले गेले.

बँकेत आयुष्य काढलेल्या माणसाला नामंजूर अर्जांची चांगली ओळख असते. बहुतेक अर्ज फायलीत पडून राहतात. एखादा मात्र असा असतो, की तो नाकारल्यामुळेच सगळ्यांच्या तोंडी होतो. या विधेयकाचे तसे झाले. ‘कोंकणी पोरजेचो आवाज’ ही संघटना उभी राहिली, आंदोलन पेटले. मराठीचे समर्थकही रस्त्यावर उतरले. १९८६ च्या डिसेंबरात काही जणांचे प्राण गेले. भाषेच्या वादाने घेतलेली ती किंमत कुठल्याही बाजूने विसरू नये.

अखेर ४ फेब्रुवारी १९८७ रोजी राजभाषा कायदा मंजूर झाला. देवनागरीतली कोकणी राजभाषा ठरली आणि शासकीय कामकाजात मराठीच्या वापराचीही तरतूद झाली. पूर्ण समाधान कुणाचेच झाले नाही. मराठीवाद्यांना समान दर्जा हवा होता, तर रोमी लिपीत कोकणी लिहिणाऱ्यांना आपली लिपी वगळल्याची खंत वाटली. त्याच वर्षी ३० मे रोजी गोवा राज्य झाले. १९९२ मध्ये कोकणी राज्यघटनेच्या आठव्या अनुसूचीत आली.

भेंब्रे यांची आमदारकी १९८९ मध्ये संपली. लेखन संपले नाही. ‘कर्ण पर्व’ या कोकणी नाटकासाठी त्यांना २०१५ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला.

त्यांची भूमिका पटो अथवा न पटो, मतदाराने त्यांच्याकडून एक प्रश्न जरूर उचलावा. दारात हात जोडून उभ्या असलेल्या उमेदवाराला ‘कितव्यांदा उभे राहताय?’ असे विचारण्यापेक्षा ‘कशासाठी उभे राहताय?’ असे विचारावे. उत्तर एका वाक्यात देता आले, तर पाच वर्षेही पुष्कळ होतात.